मदत हवी आहे: हुकूम देणारा फ्रेममध्ये दाखवू की नको? (प्रायोगिक लघुपट)

नमस्कार मंडळी,
सात मिनिटांच्या लघुपटाच्या एडिटवर दोन आठवडे अडकून पडलोय.

एक खोली, एक बाई, एक खुर्ची. फ्रेमबाहेरून आवाज येतो: खुर्ची डावीकडे घ्या, बसा, उठा, अजून डावीकडे. ती करत जाते. आवाज कोणाचा, ती का ऐकते, काहीच सांगितलेलं नाही. रफ कट तिघांना दाखवला, तिघंही म्हणाले, "हे तालमीचं शूटिंग वाटतंय." (आवाज माझाच आहे, त्यामुळे तसं चूक नाही म्हणा.)

बोलणारा दिसला नाही की त्याची ताकद वाढते, हे सिनेमातल्या आवाजावर लिहिणारे फ्रेंच अभ्यासक मिशेल शियाँ यांचं म्हणणं धरून मी चाललो होतो. मग अमेरिकन मानसशास्त्रज्ञ मिलग्रॅम यांच्या १९६१-६२ च्या प्रयोगांबद्दल वाचलं: हुकूम मिळत गेला तर माणूस दुसऱ्याला विजेचे झटके कुठवर वाढवत देतो, हे त्यात पाहिलं होतं. प्रयोग घेणारा खोलीतच असताना ४० पैकी २६ जण ४५० व्होल्टच्या शेवटच्या बटणापर्यंत गेले (झटके खोटे होते, पण दाबणाऱ्यांना ते माहीत नव्हतं). तोच बाहेर जाऊन फोनवरून सांगू लागला, तर शेवटपर्यंत जाणारे राहिले साधारण पाचात एक. काहींनी तर 'वाढवला' असं सांगून गुपचूप सगळ्यात कमीचं बटण दाबलं!

हे वाचलं आणि चौथा टेक आठवला. दिवसभर माझ्या सूचनांनी वैतागलेल्या अभिनेत्रीने त्यात खुर्ची सांगितल्यापेक्षा वीतभर कमी सरकवली आणि "झालं" म्हणाली. मी तो टेक बाद केला होता. आता पाहतोय तर जीव असलेला तोच एक टेक आहे.

तर विचारायचंय हे: तो टेक ठेवायचा, तर ती वीतभर चोरी प्रेक्षकाला कळणार कशी? जमिनीवर खडूची खूण दाखवावी, की कॅमेरा आज्ञेनुसार पूर्ण सरकवून खुर्ची मागे राहू द्यावी? दुसरा पर्याय मला आवडतोय, पण मग कॅमेराही हुकुमाचा ताबेदार ठरतो. ते चालेल?

आणि आवाजाचं काय करू? सध्या त्यात खोलीचा घुमारा आहे, म्हणून माणूस दाराआडच उभा असल्यासारखा वाटतो. घुमारा काढून कोरडा ठेवला तर थेट तिच्या डोक्यात बोलल्यासारखा होईल का? की कडेला नुसते बूट दिसू द्यावेत?

लो अँगल-हाय अँगल कृपया सुचवू नका, त्याचा चोथा झालाय. रीशूटला एकच दिवस आहे आणि अभिनेत्रीला अजून विचारलेलं नाही.