मदत हवी आहे: ‘अलवण मृदा’ म्हणजे नेमकी कोणती जमीन? (संत्रा लावाचा हाये)

राम राम मंडळी. मी दर्यापूर तालुक्यातला, खारपाण पट्ट्यातला, म्हणजे पूर्णेच्या काठचा, जिथं जमिनीत अन् बोअरच्या पाण्यात खार हाये. घरी पऱ्हाटी (कापूस), तूर, हरबरा हेच चालते, पण यंदा डोक्यात संत्र्याचं खूळ शिरलं. नर्सरीवाल्यानं कलमांसंगं एक पुस्तिका देली, त्यात पहिल्याच पानावर लिवलं हाये ‘लागवडीसाठी खोल, निचऱ्याची व अलवण मृदा निवडावी’. खोल समजलं, निचरा समजला, हे अलवण काय भानगड हाये?

घरात यावर दोन पार्ट्या पडल्या. आमचे काका म्हणतात लवण म्हणजे वावरातला खोलगट भाग, जिथं पावसाचं पाणी साचते, आपण नाई का म्हणत ‘लवणातलं वावर’, तं अलवण म्हणजे लवण नसलेलं, सपाट उंचावरचं. पुतणी अकरावी सायन्सला हाये, ते म्हणते लवण म्हणजे मीठ, अलवण म्हणजे बिनमिठाची माती. मी मधात. माय आतून म्हणे, अळणी भाजी ऐकली होती, आता मातीही अळणी पाह्यजे का तुमाले.

मातीचा रिपोर्ट काढला हाये. सामू (pH) 8.7, विद्युत वाहकता 0.62, तिच्यापुढं शेरा ‘सर्वसाधारण’. पुतणी म्हणते वाहकता कमी म्हणजे मीठ नाई म्हणजे अलवण, लावा बिनधास्त. मले मात्र पटून नाई राह्यलं कारण याच वावरात पाऊस पडला का चार-चार दिवस पाय ठेवता येत नाई आणि उन्हाळ्यात हात जाईन इतक्या भेगा पडतात. कोणी नीट सांगता का, कलमं सांगून ठेवली हायेत, मृग लागायच्या आत ठरवाचं हाये.

रिटायर_मास्तर

शब्दापुरतं मी सांगतो, शेतीचं जाणकार सांगतील.

पुतणी बरोबर आहे. लवण हा संस्कृतातून आलेला शब्द, अर्थ मीठ. त्याला नकाराचा अ लागला की अलवण. आणि तुमच्या आईसाहेब तर सगळ्यांत जास्त बरोबर आहेत, कारण अळणी हा शब्द याच अलवणाचा झिजून झालेला आहे. म्हणजे पुस्तिकेतली अलवण मृदा ही शब्दशः अळणी मातीच.

काकांचं लवण वेगळं. ते लवणे म्हणजे वाकणे, झुकणे यावरून आलेलं, खोलगट जागा, वाकण. उच्चार एक, कुळ वेगळं. पण काकांना हसू नका, पाणी वाहत येऊन साचतं आणि उन्हानं उडून जातं तिथंच क्षार मागे राहतात, तेव्हा लवणातल्या वावरात लवण सापडण्याची शक्यता जास्तच.

(आमच्या लहानपणी आलवण हा शब्द ऐकला होता, पण ते विधवा बायांना नेसावं लागणारं तांबडं लुगडं. त्याचा मातीशी काही संबंध नाही, उगाच आठवलं.)

वापर म्हणाल तर अलवण हे विशेषण. अलवण जमीन, अलवण पाणी. समुद्राचं पाणी गोडं करतात त्याला अलवणीकरण किंवा निर्लवणीकरण म्हणतात, पेपरात कधीमधी येतं. बोलण्यात मात्र हा शब्द कोणी वापरत नाही.

माती_परीक्षणवाला

दादा, थांबा, कलमं आणू नका इतक्यात.

मी काही वर्ष मातीच्या लॅबमधे काम केलंय म्हणून सांगतो. अलवणचा अर्थ मास्तरांनी सांगितला तो बरोबर, पण शेतीच्या भाषेत त्याचा अर्थ मीठ अजिबात नसलेली असा होत नाही, तशी माती जगात कुठं नसते आणि असली तरी तिच्यात काही उगवणार नाही, कारण पिकाचं खाणं पण विरघळलेल्या क्षारांच्याच रूपात मुळाशी जातं. अलवण म्हणजे एवढंच की विरघळणारे क्षार पिकाला त्रास होईल इतके नाहीत. ते मोजायचं साधन म्हणजे विद्युत वाहकता, पाण्यात मीठ जास्त तर वीज जास्त वाहते, सोपं आहे. 1954 साली अमेरिकेच्या सॅलिनिटी लॅबोरेटरीनं जी हद्द घालून दिली ती अजून चालते, 4 डेसीसायमनच्या वर क्षारयुक्त, खाली अलवण. पण ती 4 ची हद्द मातीचा ओला लगदा करून त्यातून काढलेल्या पाण्याची आहे. आपल्याकडच्या लॅब एक भाग मातीत अडीच भाग पाणी टाकून मोजतात, पाणी जास्त म्हणून आकडा कमी येतो, तिथं 1 च्या आत असलं की सर्वसाधारण लिहितात. तुमचं 0.62, म्हणजे जमीन अलवण आहे यात वाद नाही.

आता खरी गोष्ट. अलवण म्हणजे चांगली असं नाही. तुमचा सामू 8.7 आहे आणि तुम्ही जे वर्णन केलं, पावसात साबणासारखा चिखल, उन्हाळ्यात दगड, ही चोपण जमिनीची लक्षणं आहेत. चोपण जमिनीत खार विरघळलेला नसतो, सोडियम मातीच्या कणाला चिकटून बसलेला असतो. तो वाहकतेत दिसतच नाही. म्हणून रिपोर्ट म्हणतो सर्वसाधारण आणि वावर म्हणते मी चोपण. सोडियम वेगळा मोजावा लागतो, मातीच्या एकूण धरण्याच्या ताकदीत त्याचा वाटा 15 टक्क्यांच्या वर आणि सामू 8.5 च्या वर गेला की चोपण धरतात. सरकारी जमीन आरोग्य पत्रिकेत 12 गोष्टी तपासतात, नत्र स्फुरद पालाश गंधक, पाच सूक्ष्म अन्नद्रव्यं, सामू, वाहकता, सेंद्रिय कर्ब. त्यात सोडियम नाही. खारपाण पट्ट्यातल्या माणसाला जे सगळ्यात आधी पाहिजे तेच त्यात नाही, आता याला काय म्हणावं.

पऱ्हाटीवाला

अगदी बराबर बोलले भाऊ. आमच्या इकडं अकोट साइडला पण हेच. वरून पाह्यलं तं काळंभोर सोनं, बाहेरचा पाहुणा म्हणते काय जमीन हाये बाप्पा तुमची, अन् खाली पाणीच मुरत नाई. एका वर्षी मी कोणाच्या तरी सांगण्यावरून जिप्समच्या गोण्या फेकून देल्या अन् वाट पाहत बसलो, झ्याट फरक नाई पडला. नंतर समजलं का चरच काढले नव्हते, सोडियम सुटलं तं जाईन कुठं, तिथंच बसलं. पैसे गेले चुलीत.

खारपाणवाला (धागा लावणारा)

म्हणजे माह्या वावर अलवण हाये, तरी संत्र्याच्या कामाचं नाई, असं? डोकं गरगरलं ना भाऊ. मंग पुस्तिकेत सरळ ‘चोपण नको’ असं काऊन नाई लिवत हे लोकं?

माती_परीक्षणवाला

लिहिणाऱ्याला बहुतेक दोन्ही म्हणायचं असेल, शब्द एकच वापरला. आणि हिंदीतून उतरवलेलं असेल तर आणखी घोळ. हिंदीत लवणीय मृदा म्हणजे आपली क्षारयुक्त, आणि क्षारीय मृदा म्हणजे आपली चोपण. करनालच्या संस्थेचं नावच केंद्रीय मृदा लवणता अनुसंधान संस्थान आहे, तिथं लवण म्हणजे मीठच. मराठीत मात्र आपण मिठाला सर्रास क्षार म्हणतो. म्हणजे मध्य प्रदेशातून आलेल्या हिंदी पत्रकात ‘क्षारीय’ वाचलं आणि मराठी डोक्यानं ‘खारवट’ समजलं की उपाय चुकला. खारवट जमिनीला निचरा आणि गोडं पाणी देऊन धुतलं तरी बऱ्यापैकी सुधारते. चोपण जमीन नुसती धुतली तर उलट बिघडते, आधी जिप्सममधला कॅल्शियम सोडियमला ढकलून बाहेर काढतो, मग पाण्याबरोबर तो निघून जायला वाट पाहिजे. तिसरी जात पण आहे, क्षारयुक्त-चोपण, दोन्ही दुखणी एका घरात.

लॅबला पाठवायच्या आधी घरी एक करून बघा. काचेच्या गिलासात पावसाचं नाहीतर बॅटरीत टाकायचं पाणी घ्या, बोअरचं अजिबात नको, खाऱ्या पाण्यात खरं दिसत नाही. वाटाण्याएवढं वाळलेलं ढेकूळ हळूच सोडा. हलवू नका. ढेकूळ नुसतं फुटून खाली पसरलं आणि पाणी स्वच्छ राहिलं तर ठीक. ढेकळाभोवती दुधासारखा ढग उठला आणि रात्रभर गढूळच राहिलं तर सोडियम आहे समजा. तुमच्यात क्षार कमी आहेत म्हणून ही तपासणी तुमच्याकडं चालेल, फार खारवट माती असली तर सोडियम असूनही पाणी स्वच्छ दिसते, फसगत होते.

वरूडचा_बागवान

आमच्याकडं पिढ्या गेल्या संत्र्यात, म्हणून दोन शब्द. संत्रा लय नाजूक, मीठ पण सोसत नाई आणि मुळाशी पाणी साचलेलं तर त्याहून सोसत नाई. तुम्ही वरचा एक वीतभर माती नेऊन रिपोर्ट काढला असन, झाडाची मुळं तिथं थांबत नाईत. तीन-चार फूट खड्डा घ्या आणि दर फुटाला वेगळा नमुना काढा, खारपाणात खाली काय निघते ते पाहूनच हादरसान. चुनखडी पण पाहा, 10 टक्क्यांच्या वर असली का पानं पिवळी पडतात, लोह असून झाडाले भेटत नाई. आणि पाणी कोणतं देणार? बोअरचं देणार असाल तं आजची अलवण जमीन चार वर्षात अलवण राहणार नाई, हे लिहून ठेवा. पाण्याचा रिपोर्ट आधी. खुंटात (ज्या रोपावर कलम बांधतात ते) रंगपूर लाईम जंबेरीपेक्षा मीठ जास्त सोसते म्हणतात ते खरं हाये, पण सोसते म्हणजे किती, खुंट काही चोपण जमिनीचा निचरा करून देत नाई.

माझं म्हणणं कडू लागन, पण पूर्णेच्या काठाले आमचं संत्र्याचं खूळ नेऊ नका. तुमचा हरबरा पाह्यला हाये मी, पावसाच्या ओलीवर येते तुमच्याकडं, तसा आमच्याकडं येत नाई.

रिटायर_मास्तर

हे छान झालं. मी शब्द सांगून मोकळा झालो होतो, त्याच्या खाली एवढी माती निघाली.

खारपाणवाला

मंडळी, केलं बरं का. मोटारसायकलच्या दुकानातून बॅटरीचं पाणी आणलं, चार गिलास मांडले. दोन गिलासात घरच्या वावरातलं ढेकूळ, एकात धुऱ्यापलीकडच्या उंच तुकड्यातलं, एकात माय म्हणे माह्या तुळशीतलंही टाक. घरच्या वावराचे दोन्ही गिलास सकाळपावतर ताकासारखे. उंचावरच्या तुकड्याचं ढेकूळ फुटलं पण पाणी बऱ्यापैकी नितळ. तुळस एकदम साफ. काका आले, गिलास उचलून पाह्यले अन् म्हणे मी सांगतच होतो, लवणातलं नको उंचावरचं घे. आता त्यांना काय समजावा, अर्थ चुकला पण जागा बरोबर निघाली.

नर्सरीवाल्याले फोन केला, कलमं यंदा नको म्हटलं, बयाना परत देत नाई म्हणे, पुढच्या वर्षी धरून घेतो म्हणाला. उंचावरच्या तुकड्यात खड्डा घेतला हाये, तीन थरांचे नमुने बांधले, सोमवारी अकोल्याले कृषी विद्यापीठात नेतो, सोडियम अन् चुनखडी दोन्ही लिहून देतो फॉर्मवर. बोअरच्या पाण्याची बाटली पण घेतली. घरच्या वावरात यंदा ढैंचा (हिरवळीचं खत) पेरून गाडतो अन् जिप्सम किती लागते ते रिपोर्ट आल्यावर इथंच टाकतो. पऱ्हाटीवाले भाऊ, तुम्ही चर किती अंतरावर काढले होते नंतर, तेवढं सांगा.