सल्ला हवा: एका दिवसाच्या सहलीत पोरांना बेचाळीसचा (१९४२ चा) लढा दाखवायचा, आष्टी की चिमूर?

पांदण

मंडळी, समुद्रपूर तालुक्यातल्या जिल्हा परिषद शाळेत आठवीला इतिहास शिकवतो. यंदा वॉटर पार्क रद्द करून सहल स्वातंत्र्यलढ्याच्या जागी न्यायचं ठरलं आहे. पालक सभेत थोडी कुरकुर झाली, पण निभावलं. एसटीची एक गाडी, सकाळी निघून दिवेलागणीच्या आत परत. काही पोरं बेड्यावरून, म्हणजे गावाबाहेरच्या वस्तीवरून, पायी येतात, त्यामुळे उशीर चालणार नाही.

पोरांच्या डोक्यात लढा म्हणजे मेरठ, जालियनवाला, दांडी. परीक्षेत लिहितात, मार्क घेतात. आपल्याकडे काय झालं विचारलं तर "गांधीजी सेवाग्रामला राहायचे" इथे गाडी थांबते. एकानं तर विचारलं, सर, इंग्रज आपल्याकडे आले तरी होते का?

आष्टी आणि चिमूर, दोन्हीकडे १६ ऑगस्ट १९४२ लाच भडका उडाला. आम्हाला चिमूर जवळ, आष्टी जिल्ह्याच्या दुसऱ्या टोकाला. कुठे नेऊ? आधी वर्गात काय सांगू? आणि चिमुरात बायकांवर जे गुदरलं ते आठवीच्या वर्गात कसं सांगायचं?

बोंडसड

आष्टी. डोळे मिटून आष्टी.

लोक तिरंगा लावायला ठाण्यावर गेले, पोलिसांनी गोळ्या घातल्या, सहा जण गेले. पोरांना फक्त नावं वाचायला लावा: डॉ. गोविंद मालपे, रशीद खान, पंची गोंड... जातपात-धर्मावर वेगळं भाषण द्यायची गरज उरत नाही. लोक गावाला आजही 'शहीद आष्टी' म्हणतात. १९४२ ची १६ ऑगस्ट म्हणजे नागपंचमी होती आणि आष्टीत हुतात्म्यांना मानवंदना आजही नागपंचमीलाच देतात. जमलं तर त्याच दिवशी जा. जाता जाता वाटेत सेवाग्राम होतंच.

झाडीपट्टी

बोंडसड, समुद्रपूरहून वर्धा, आर्वी करत आष्टी आणि त्यातच सेवाग्राम? नागपंचमीच्या पावसात? पोरं दिवसभर गाडीतच बसतील. शिवाय डवरणीच्या, म्हणजे पिकातल्या कोळपणीच्या दिवसांत मोठी पोरं शाळेत येतात कुठे.

चिमूरला न्या. सकाळची फेरी निघाली, गोळीबार झाला, बालाजी रायपूरकर पडला आणि मग गाव पेटलं. लोकांनी प्रांताधिकारी, नायब तहसीलदार यांना ठार मारलं. दोनतीन दिवस चिमुरात सरकार नव्हतं. मग गोरे सैनिक आले, आणि पुढचं तुम्हाला माहीतच आहे. कित्येकांना फाशी सुनावली गेली. ती टळून जन्मठेप व्हावी म्हणून काँग्रेसच्या अनसूयाबाई काळ्यांनी रान उठवलं.

त्या आधी राष्ट्रसंत तुकडोजी महाराजांची खंजिरी त्या भागात घुमली होती, हेही सांगा. ऑगस्ट संपायच्या आत सरकारनं त्यांना उचललं, नागपूर आणि रायपूरच्या तुरुंगात ठेवलं. आमच्याकडची म्हातारी माणसं चिमूरची गोष्ट भजनापासूनच सुरू करतात. मला तीच सुरुवात खरी वाटते.

गंगाफळ

सर, कुठीबी न्या, पन जेवनाचं आधी पाहा बाप्पा. पोराइले भूक लागली का मंग हुतात्मा स्मारक काय न काय, सारे सारखेच दिसते त्याइले. डबे घरूनच बांधून न्या. पानी गाडीत ठेवा. आन् भाषन देनारा पाहुना बोलावू नका, हात जोडतो.

नवेगाव_सर

एक सावधगिरीचा सल्ला. चिमूरला नेलं तर अधिकारी मारले गेले हा भाग टाळा. पोरं कोवळी आहेत, आणि पालक उद्या विचारतील की तहसीलदाराला मारणं शिकवता का. हुतात्मे, तिरंगा, घोषणा, एवढं पुरे.

मोहफूल

नवेगाव सर, पुरे नाही. मी शाळेतच आयुष्य काढलं, आता निवृत्त आहे, म्हणून जरा लांबण लावते.

मारले गेलेले ते अधिकारी आपलेच, हिंदी होते. इंग्रज राज्य चालवायचे ते असंच, गावात गोरा माणूस क्वचित दिसायचा. "इंग्रज आपल्याकडे आले होते का" या प्रश्नाचं उत्तर तिथंच आहे. हा भाग गाळला तर पोराला कळणार नाही की जमावाचा राग कोणावर निघाला आणि मेलेल्याच्या घरीही रडारड झालीच असेल. आठवीचं पोर एवढं पेलतं. न पेलणारे बहुधा आपणच.

पांदण, बायकांबद्दल विचारलंत. लपवू नका आणि रंगवूही नका. सैनिकांनी घरं लुटली, बायकांवर अत्याचार केले. त्या बायकांनी ते तोंडानं सांगितलं. सरकारनं चौकशी नाकारली. तीन वाक्यं, साध्या आवाजात. मग लगेच भन्साळींकडे या. सेवाग्राम आश्रमातले प्रा. भन्साळी या चौकशीसाठी आधी दिल्लीला बापूजी अण्यांकडे गेले, कारण अणे तेव्हा व्हाइसरॉयच्या कार्यकारी मंडळात होते. काही हाती लागलं नाही. मग त्यांनी उपास धरला. पोलिसांनी उचलून सेवाग्रामला आणून सोडलं तरी पुन्हा चिमूरच्या वाटेला लागले. ६३ दिवस, नोव्हेंबर १९४२ ते जानेवारी १९४३. सरकारनं बातम्या छापायला बंदी घातली. मुली ही गोष्ट फार लक्ष देऊन ऐकतात, माझा अनुभव आहे.

पण माझा मुख्य सल्ला वेगळाच. बेचाळीसपासून सुरू करूच नका. आधीचं काही सांगितलं नाही तर पोरांना वाटतं एके दिवशी सकाळी लोक उठले आणि चिडले.

गवतापासून सुरू करा. आपल्याकडे समुद्र नाही, मीठ काढायचं कुठून? अकोल्याकडे दहीहंड्याला खारपाणपट्ट्यातल्या विहिरीचं पाणी आटवून १९३० साली मिठाचा कायदा मोडला. बाकी विदर्भात लोकांनी हाताशी होतं ते जंगल घेतलं. १९२७ च्या कायद्यानं राखीव जंगलावर सरकारचा पहारा पक्का झाला होता. गवत, सरपण, गुरांची चराई, सगळ्याला परवाना नाहीतर दंड. १० जुलै १९३० ला बापूजी अण्यांनी पुसदजवळ धुंदीच्या जंगलात विळ्यानं गवत कापलं आणि अटक करून घेतली. हो, तेच अणे, ज्यांच्या दारी बारा वर्षांनी भन्साळी गेले. फेब्रुवारी १९४३ मध्ये गांधीजींच्या उपासाच्या वेळी त्यांनी ती व्हाइसरॉयकडची जागा सोडली. एकाच माणसाची ही दोन टोकं पोरांपुढे ठेवा आणि गप्प बसा. वाद ते आपसात घालतील.

तुमच्या बेड्यावरच्या पोरांना वनरक्षक म्हणजे काय हे तुम्ही समजावून सांगायची गरज नाही. त्यांनाच बोलू द्या.

कापूसकोंड्या

मोहफूल ताईंच्याही मागे जातो, रागावू नका. राज्य आलं कसं? वर्धा नदीच्या पलीकडचा वऱ्हाड निजामाचा. फौजेच्या खर्चाचं देणं थकलं म्हणून त्यानं १८५३ मध्ये तो कंपनीच्या हवाली केला. १९०२ मध्ये तोच वऱ्हाड वर्षाला २५ लाख रुपयांवर कायमचा देऊन टाकला, मक्त्यानं दिलेल्या वावरासारखा. वावरात राबणाऱ्याला विचारतो कोण. नदीच्या अलीकडचा, म्हणजे तुमचा मुलूख नागपूरकर भोसल्यांचा. १८५३ च्या डिसेंबरात तिसरे रघूजी वारसाशिवाय वारले आणि पुढच्या वर्षी राज्य खालसा. मग अमेरिकेत १८६१ ते ६५ यादवी झाली, तिथला कापूस अडला आणि मँचेस्टरची नजर आपल्या काळ्या मातीवर पडली. १८६७ ला मुंबईची रेल्वे नागपूरला भिडली, ती काय आपल्याला पंढरपूरला न्यायला नव्हती. हिंगणघाटचा कापूस बाहेर आणि त्याचंच कापड परत आपल्या बाजारात. हे कळलं की वर्ध्यात चरखा का फिरला ते कळतं. पोरांच्या घरी कापूस आहेच, एक बोंड वर्गात न्या.

चंद्रपूर झेपत असेल तर बाबुराव शेडमाकेही सांगा. गोंड जमीनदाराचा मुलगा, १८५८ मध्ये लढला, २१ ऑक्टोबर १८५८ ला चांद्याच्या, म्हणजे चंद्रपूरच्या तुरुंगात फाशी गेला. १८५७ म्हटलं की सगळे झाशीला जातात, आपला माणूस कोपऱ्यात राहतो.

नवेगाव_सर

मोहफूल, मुद्दा पटला असं पूर्ण म्हणणार नाही. पण सांगायचंच तर आधी पालकांना बोलावून सांगा, ही विनंती.

पांदण

सगळ्यांचे आभार. नवेगाव सर, पालकांना आधीच सांगेन, ते बरोबर आहे.

ठरलं ते असं: चिमूर. नागपंचमी नाही. वेचणीत निम्मी पोरं वावरात असतात, म्हणून वेचणी ओसरल्यावर. त्याआधी चार तास वर्गात: कापूस नि रेल्वे, शेडमाके, गवत, आणि शेवटचा तास भन्साळींचा. आष्टीची नावं फळ्यावर. सेवाग्राम पुढच्या वर्गासाठी राखून ठेवतो. छोडो भारतचा ठराव मुंबईत ८ ऑगस्टला झाला हे पुस्तकात आहे, पण त्याआधी १४ जुलैला काँग्रेस कार्यकारिणीनं तो वर्ध्यातच केला होता, हे सांगून पोरांची कॉलर जरा ताठ करणार आहे.

गाडीचं कोणी सांगेल का? एसटी मिळायला किती आधी अर्ज करावा लागतो?

गंगाफळ

आगारात जाऊन प्रासंगिक कराराचा अर्ज द्या. शाळेच्या सहलीले सवलत असते, मुख्याध्यापकाचं पत्र न पोराइची यादी संग न्या. डिसेंबरात साऱ्या शाळा तुटून पडते, दिवाळी झाली का लगेच जा. आन् गंगाफळाची भाजी डब्यात देऊ नका म्हना, आंबते.