मदत हवी आहे: 50 लाखांचं गृहकर्ज शेवटी नेमकं केवढ्याला पडतं?

रानवारा

नमस्कार मंडळी. येत्या आठवड्यात गृहकर्जाच्या कागदांवर सह्या करायच्या आहेत आणि एक आकडा काही केल्या डोक्यातून जात नाहीये, म्हणून हा धागा. जाणकारांनी कृपया वेळ काढावा.

पिंपरी-चिंचवडमध्ये दोन बेडरूमचा तयार फ्लॅट बघितलाय. भोगवटा प्रमाणपत्र मिळालेलं आहे, त्यामुळे जीएसटी लागत नाही. करारातली किंमत 65 लाख. त्यातले 15 लाख आमचे, 50 लाख कर्ज. मुद्रांक शुल्क 7 टक्क्यांनी 4 लाख 55 हजार आणि नोंदणीचे 30 हजार कर्जात धरत नाहीत, ते नवऱ्याच्या पीएफमधून काढतोय. नवरा 34 वर्षांचा, चाकणला कंपनीत. मी एका लॅबमध्ये टेक्निशियन. दोघांचे मिळून हातात 96 हजार येतात. सध्या 18 हजार भाडं जातं. मुलगी यंदा पहिलीत जाईल.

बँकेचा दर 8 टक्के, फ्लोटिंग म्हणजे बदलता. कर्जाचे एजंट परवा घरी आले होते. त्यांनी 30 वर्षांचा कागद पुढे केला, 36,688 या आकड्याभोवती पेनानं गोल काढला आणि म्हणाले, "वहिनी, तुम्ही फक्त हे बघा. भाड्यात थोडी भर घातली की घर तुमचं." मी विचारलं की 20 वर्षांचा हप्ता किती? तर 41,822. म्हणजे महिन्याला पाच हजारांचा फरक. ते म्हणाले, आत्ता ओढ कशाला घेता, पगार वाढला की जास्तीचे भरा.

रात्री मी साधा गुणाकार केला. 36,688 गुणिले 360 म्हणजे 1 कोटी 32 लाख. 50 लाखांवर 82 लाख व्याज. हा हिशोब बरोबर आहे का? की महागाई, करसवलत वगैरे धरून तो वेगळा करायचा असतो? शिवाय एकरकमी प्रीमियमचा कर्जविमाही सुचवलाय, 1 लाख 80 हजारांचा, तो कर्जातच मिळवून देणार म्हणे. सासरे म्हणतात 15 वर्षांच्या वर जाऊच नका. नवऱ्याचं म्हणणं, मुलीचं शिक्षण तोंडावर आहे, हप्ता कमीच बरा. मला दोघांचंही पटतंय आणि म्हणूनच अडलंय.

जमाखर्च

गुणाकार अगदी बरोबर आहे. त्याच दरानं 20 वर्षांना एकूण 1 कोटी 37 हजार जातात, म्हणजे व्याज 50 लाख 37 हजार. 15 वर्षांना हप्ता 47,783 आणि व्याज 36 लाख. तुमच्या त्या पाच हजारांच्या फरकाची किंमत जवळपास 32 लाख आहे.

हे असं का होतं ते नीट बघा, कारण एजंट हे कधीच उलगडून सांगत नाहीत. व्याज दर महिन्याला शिल्लक मुद्दलावर लागतं. पहिल्या महिन्यात 50 लाखांवर 8 टक्क्यांनी 33,333 रुपये व्याज होतं, मुदत कितीही घ्या. ते आधी कापलं जातं आणि उरेल ते मुद्दलात जातं. 36,688 च्या हप्त्यात मुद्दलाच्या वाट्याला येतात फक्त 3,355 रुपये. 41,822 मध्ये येतात 8,489. हप्ता वाढला 14 टक्क्यांनी, पण मुद्दल फिटण्याचा वेग अडीचपट झाला.

पाच वर्षांनंतर चित्र काय असतं? 30 वर्षांच्या कर्जात तुम्ही तोवर 22 लाख भरलेले असतात आणि बाकी असते साडेसत्तेचाळीस लाख. 20 वर्षांच्या कर्जात 25 लाख भरून बाकी पावणेचव्वेचाळीस लाख. अर्धं मुद्दल फिटायला 20 वर्षांच्या कर्जातही साडेतेरा वर्षांहून जास्त काळ लागतो आणि 30 वर्षांच्या कर्जात 22 वर्षं उलटून जातात. नोकरी बदलून गाव सोडलं, फ्लॅट विकावा लागला, तर हाच बाकीचा आकडा तुमच्या आड येतो.

आणखी एक, मला फार महत्त्वाची वाटणारी गोष्ट. लोक अर्ध्या टक्क्यासाठी चार बँकांच्या पायऱ्या झिजवतात. तेही करावंच. 20 वर्षांच्या कर्जात 8 आणि साडेआठ टक्के यातला फरक 3 लाख 77 हजार होतो, तो लहान नाही. पण त्याच टेबलावर 20 ऐवजी 30 वर्षांवर सही करताना 32 लाख जातात आणि त्यावर कोणी घासाघीस करत नाही.

विमा: 1 लाख 80 हजार कर्जात मिळवले की त्यावरही व्याज चालू. 20 वर्षांत ते 3 लाख 61 हजार होतात, 30 वर्षांत पावणेपाच लाख. कर्ज मंजूर होण्यासाठी असा विमा घेणं सक्तीचं नाही. पण विम्याशिवाय राहू नका. दोघांच्याही नावानं स्वतंत्र टर्म इन्शुरन्स, म्हणजे ठरावीक मुदतीचा साधा आयुर्विमा घ्या, प्रीमियम दरवर्षी खिशातून भरा. कर्ज दुसऱ्या बँकेत नेलं तरी तो तुमच्याकडेच राहतो.

पाऊलवाट

रानवारा, जमाखर्च यांनी जे गणित मांडलंय ते दर 30 वर्षं 8 टक्केच राहील असं धरून. फ्लोटिंगमध्ये तसं होत नाही. मी 2021 मध्ये 6.75 टक्क्यांनी कर्ज घेतलं होतं. मे 2022 ते फेब्रुवारी 2023 या काळात रिझर्व्ह बँकेनं रेपो दर, म्हणजे ती बँकांना ज्या दरानं कर्ज देते तो, 4 वरून 6.5 टक्क्यांवर नेला. माझा हप्ता एक रुपयानंही वाढला नाही, त्यामुळे घरात कोणाला काही जाणवलं नाही. पुढे एका कामासाठी स्टेटमेंट काढलं तेव्हा दिसलं की बँकेनं परस्पर मुदत वाढवली होती आणि शेवटचा हप्ता माझ्या निवृत्तीच्या कितीतरी पुढे गेला होता.

तुमच्याच रकमेवर बघा. 50 लाख, 6.75 टक्के, 20 वर्षं, हप्ता 38,018. दर अडीच टक्क्यांनी वाढून 9.25 झाला तर 50 लाखांवरचं नुसतं व्याज होतं 38,542. हप्त्यापेक्षा जास्त! नव्या कर्जात मुद्दल तसूभरही हलत नाही अशी वेळ त्या काळात खूप जणांवर आली.

ऑगस्ट 2023 मध्ये रिझर्व्ह बँकेनं यावर नियम केला. दर बदलला की हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडं थोडं, याचा पर्याय कर्जदाराला द्यावा लागतो. व्याज किती वसूल झालं, मुद्दल किती, किती हप्ते उरले, दर काय, हे दर तिमाहीला कळवावं लागतं. बँकेचे मेसेज आपण न वाचता सोडतो, ते कृपया वाचत जा. दर वाढला की त्याच आठवड्यात शाखेत लेखी द्या, "मुदत तीच ठेवा, हप्ता वाढवा."

तुमचा दर रेपोशी जोडलेला आहे ना, तेही विचारून घ्या. ऑक्टोबर 2019 पासून बँकांच्या नव्या फ्लोटिंग गृहकर्जांचा दर रेपोसारख्या बाहेरच्या निकषाशी जोडणं बंधनकारक आहे आणि तीन महिन्यांतून एकदा तरी दर नव्यानं ठरतो. गृहवित्त कंपन्यांना हा नियम नाही, त्यांचा स्वतःचा मूळ दर असतो. माझ्या बहिणीचं कर्ज अशाच एका कंपनीकडे आहे. 2025 मध्ये रेपो खाली आला, तेव्हा तिथे नव्या गिऱ्हाइकाला कमी दर मिळत होता आणि हिला जुनाच. शुल्क भरून दर बदलून घ्यावा लागला.

दूरचा_गाव

थोडी दुसरी बाजू मांडतो. 1 कोटी 32 लाख ऐकून छाती दडपते, पण 20 वर्षांनंतरचा रुपया म्हणजे आजचा रुपया नव्हे. महागाई सरासरी 5 टक्के धरली तर 20 वर्षांच्या कर्जाचा शेवटचा 41,822 चा हप्ता आजच्या 15-16 हजारांएवढा वाटेल. सगळे हप्ते आजच्या किमतीत आणले तर 1 कोटीचे 63-64 लाख होतात. तेव्हा हिशोब करताना तोही आकडा शेजारी ठेवा.

शिवाय बंधन कमी असणं हीसुद्धा सोय आहे. 30 वर्षांचं कर्ज घेऊन दर महिन्याला 41,822 च भरलेत तर ते 20 वर्षांतच फिटेल, एक पैसा जास्त व्याज पडणार नाही. वर अडचणीच्या महिन्यात 36,688 भरायची मुभा राहते. वैयक्तिक गृहकर्ज फ्लोटिंग असेल तर आधी पैसे भरल्याबद्दल दंड लावता येत नाही.

जमाखर्च

दूरचा_गाव, महागाईचा मुद्दा मान्य. पण पगारही महागाईइतका वाढला तरच तो लागू होतो, आणि चाकणच्या सगळ्याच कंपन्यांत तसं घडत नाही. पहिली सात-आठ वर्षं हप्ता आजच्याच पैशात टोचतो.

30 वर्षं घेऊन 20 चा हप्ता भरणं गणितात चोख आहे. माझ्या ओळखीत तो बेत तडीला गेलेला फार थोड्यांचा. पाच हजार हातात राहिले की ते शाळेच्या बसला, दिवाळीला, गावच्या लग्नाला जातात, आणि त्यात कोणाचा दोषही नसतो. करायचंच असेल तर पहिल्या महिन्यापासून जास्तीच्या रकमेची स्थायी सूचना खात्यावर लावा, म्हणजे ती दरमहा आपोआप कर्जात जाईल.

मला विचाराल तर 20 वर्षं घ्या. त्यात वर्षाला फक्त एक हप्ता जास्तीचा भरलात, बोनसमधून म्हणा, तर कर्ज तीन वर्षं आधी संपतं आणि व्याजाचे 9 लाख वाचतात. दरवर्षी हप्ताच 5 टक्क्यांनी वाढवत नेलात तर साडेबारा वर्षांच्या आत मोकळे व्हाल आणि साडेसतरा लाखांहून जास्त वाचतील. सासऱ्यांच्या 15 वर्षांच्याही आधी, तेही आत्ता 47,783 ची ओढ न घेता.

रानवारा

सगळ्यांचे मनापासून आभार. 3,355 चा आकडा नवऱ्याला दाखवला, तेव्हा त्यांनी स्वतः कॅल्क्युलेटर घेऊन पुन्हा करून बघितलं. 20 वर्षांवर आमचं जवळजवळ एकमत झालंय. हप्ता जाऊन 54 हजार उरतात, त्यात सोसायटीचा मेंटेनन्स आणि मिळकत कर आला. भाडं वाचतं, म्हणजे जमेल असं वाटतं.

दोन शंका आहेत अजून. एजंट म्हणतात करसवलत धरली तर खरा दर साडेसहाच पडतो, हे खरं आहे का? आणि जास्तीचे पैसे भरताना नेमकं काय सांगायचं?

पाऊलवाट

करसवलतीचं सांगते. राहत्या घराच्या कर्जावर वर्षाला 2 लाखांपर्यंतचं व्याज आणि दीड लाखाच्या एकत्रित मर्यादेत मुद्दल, ही वजावट जुन्या करप्रणालीत मिळते. नव्या प्रणालीत राहत्या घराला यातलं काही नाही. तुमच्या दोघांचंही उत्पन्न 12 लाखांच्या बरंच आत असणार, म्हणजे नव्या प्रणालीत तुम्हाला करच बसत नाही. जो कर भरायचाच नाही तो वाचणार कुठून? तुमच्यासाठी 8 म्हणजे 8 टक्केच.

जमाखर्च

पैसे भरण्याबद्दल. मोठी रक्कम भरल्यावर बँक दोन गोष्टी करू शकते, हप्ता कमी करणं किंवा मुदत कमी करणं. व्याज वाचवायचं तर मुदत कमी करायला सांगा, लेखी. नंतर नवा परतफेड तक्ता मागून घ्या आणि शेवटच्या हप्त्याची तारीख खरंच अलीकडे आली का ते तपासा. जास्तीचे भरायचे ते जितक्या सुरुवातीच्या वर्षांत तितकं उत्तम. पण सहा महिन्यांचा खर्च मोडता येईल अशा ठेवीत ठेवल्याशिवाय मुद्दलात काही टाकू नका.

सहीआधी एवढं करा. एजंटांकडे केएफएस, म्हणजे कर्जाच्या मुख्य माहितीचं पत्रक मागा. 1 ऑक्टोबर 2024 पासून मंजूर होणाऱ्या प्रत्येक किरकोळ मुदत कर्जाला ते द्यावंच लागतं. त्यात प्रोसेसिंग फी, बँकेमार्फत घेतलेले विमा आणि वकिलाचे पैसे धरून निघणारा वार्षिक खर्चाचा दर असतो आणि संपूर्ण परतफेड तक्ताही असतो. पत्रकात नसलेलं शुल्क तुमच्या संमतीशिवाय नंतर लावता येत नाही. विचार करायला किमान 3 कामाचे दिवस मिळतात, ते पूर्ण घ्या. 20 वर्षांचं, विमा न मिळवलेलं पत्रक नव्यानं काढायला सांगा आणि 30 वर्षांचं शेजारी ठेवून दोन्हींतला वार्षिक खर्चाचा दर आणि परतफेड तक्ता ताडून बघा. जमलं तर वार्षिक दराचा आकडा इथे टाका, प्रोसेसिंग फी कमी करून घेण्याला किती वाव आहे ते बघून सांगतो.

रानवारा

पत्रक आजच मागवते. मिळालं की नावं झाकून आकडे इथे टाकते.