उत्तर: डाकोटाचा जमाना आणि नागपूरची रात्र
डाकोटा या दोन इंजिनांच्या पंखेवाल्या विमानाच्या जमान्यात विमानं फक्त राजेरजवाडे आणि शेठ लोकांसाठी होती, सामान्य माणसाचा त्याच्याशी काय संबंध, असं वर दोघांनी लिहिलंय. तिकिटापुरतं पटतं, पण टपालाचं काय? जानेवारी १९४९ मध्ये रात्रीची हवाई टपाल सेवा सुरू झाली आणि त्याच वर्षी एप्रिलपासून साधं पत्रसुद्धा जादा पैसे न घेता विमानाने जायला लागलं. म्हणजे गिरणीतल्या कामगाराने कलकत्त्याला टाकलेलं पत्रही डाकोटातूनच जायचं.

आणि या सगळ्याचा कणा होतं नागपूरचं सोनेगाव विमानतळ (तेव्हा नागपूर महाराष्ट्रात नव्हतं, मध्य प्रांत-वऱ्हाडची, म्हणजे १९५० पासूनच्या मध्य प्रदेशची राजधानी होतं). मुंबई, दिल्ली, कलकत्ता, मद्रास या चार ठिकाणांहून रात्री विमानं सुटायची, मध्यरात्रीनंतर सोनेगावला जमायची, टपालाच्या थैल्यांची आणि प्रवाशांची अदलाबदल व्हायची आणि पहाटेपर्यंत जो तो आपापल्या गावी परत. नागपूरच का, तर चारही शहरं तिथून साधारण ७०० ते १००० किमीवर, डाकोटाला तीन-चार तासांची मजल. आता यात ग्यानबाची मेख अशी की एक विमान रखडलं की बाकी तिघांचं गणित बिघडणार, थांबावं तर सकाळची डिलिव्हरी चुकते, निघावं तर एका शहराच्या थैल्या मागे राहतात. डाकोटाचं शेपूट जमिनीला टेकलेलं, आतली फरशी चढणीची, तिथून त्या थैल्या खाली-वर करणाऱ्या हमालांबद्दल कुणीच लिहीत नाही, वैमानिकांइतकंच श्रेय मी तरी त्यांना देईन.