मदत हवी आहे: राक्षस वाटतो म्हणून चित्र दोनदा परत आलं

कॅनव्हासवेडी
नमस्कार मंडळी. शुक्रवारपर्यंत द्यायचंय म्हणून घाईत लिहितेय. डायनोसॉरवरच्या माहितीपटाच्या कॉन्सेप्ट आर्टची (चित्रीकरणाआधीच्या कल्पनाचित्रांची) टेस्ट आहे. दोनदा परत आलं, शेरा तोच: "सिनेमातला राक्षस वाटतो, प्राणी वाटत नाही." रंग बदलले, उजेड बदलला, खवले वाढवले. आठ वर्षं ॲनिमेशनमध्ये आहे, पण मला हेच काम करायचंय. काय चुकतंय?

दगडफोड्या
प्राणी कुठला? चित्रात काय चाललंय?

पेन्सिलवाला
कुठला का असेना, आधी सांगाडा, मग स्नायू, मग कातडी. डायनोसॉरची चित्रं काढणारा चार्ल्स नाइट प्राणिसंग्रहालयात जिवंत जनावरं बघून काढायचा, म्हणून त्याचे डायनोसॉर वजनदार वाटतात. खवले शेवटी.

झेडब्रश_भक्त
पडद्यावर प्राणी चारही बाजूंनी दिसतो. कागदात वेळ घालवू नका, थेट झेडब्रशमध्ये (थ्रीडी शिल्पाच्या सॉफ्टवेअरमध्ये) घडवा.

पेन्सिलवाला
सांगाडा चुकला तर तिथे चारही बाजूंनी चुकलेला दिसेल.

निळाई
१६ इंची स्क्रीनवाला टॅबलेट घ्या, मान दुखत नाही.

कॅनव्हासवेडी
टॅबलेट आहे हो! राजासॉरस आहे, मांसाहारी डायनोसॉर. पिल्लावर झडप घालतोय, हात पुढे, जबडा उघडून गर्जतोय. खाली गवत, मागे ज्वालामुखीचा शंकू.

दगडफोड्या
हे आधी सांगायचं ना! राजासॉरस अबेलिसॉरिड या आखूड हातांच्या मांसाहारी डायनोसॉरांच्या कुळातला. हाडं गुजरातेत बालासिनोरजवळ रहियोलीला मिळाली, नाव २००३ मध्ये दिलं. त्याचा नातलग कार्नोटॉरस बघा, हात इतके आखूड की पकडायला निरुपयोगी. झडप जबड्यानेच. शंकूही काढून टाका, त्या काळी दख्खनचा लाव्हा मुख्यतः लांबलचक भेगांतून वाहिला. सह्याद्रीच्या पायऱ्या त्याच थरांच्या.

झेडब्रश_भक्त
गवतही काढा. डायनोसॉरच्या काळी गवत नव्हतंच.

दगडफोड्या
होतं. चंद्रपूर जिल्ह्यातल्या पिसदुऱ्याला मिळालेल्या डायनोसॉरच्या अश्मीभूत लेंड्यांत गवताचे सिलिकाकण सापडले, २००५ मध्ये छापून आलंय. पण कुरण नको. चार झुबके ठेवा आणि सोबत हा संदर्भ जोडा.

ताडोबाकर
गर्जना का? सांबरामागे असलेला वाघ मी जवळून पाहिलाय. तोंड मिटलेलं, कान मागे, पोट जवळजवळ जमिनीला. गर्जला तर सांबर पळेल ना.

झेडब्रश_भक्त
गवताचं माहीत नव्हतं, बरं झालं कळलं.

आईसाहेब_पुणे
अवांतर: मुलगा दहावीत आहे, दिवसभर डायनोसॉर काढतो. चित्रकलेला घालू की भूशास्त्राला?

पेन्सिलवाला
ताई, चित्रकलेला घाला, पण हाडं वाचायला शिकू दे. २०२२ च्या 'प्रीहिस्टॉरिक प्लॅनेट' या डायनोसॉरवरच्या माहितीपट मालिकेचे मुख्य सल्लागार डॅरेन नेश हे जीवाश्मशास्त्रज्ञच होते. अशा माणसांशी त्यांच्या भाषेत बोलता आलं पाहिजे.

दगडफोड्या
भूशास्त्राला घाला. चित्र सरावाने येतं.

कॅनव्हासवेडी
सगळं पुसून नव्याने बसले. तोंड मिटलंय, हात अंगालगत, चिखलातून पिल्लाकडे दबकत चाललाय. आत्ताच जिवंत वाटायला लागलाय! एक अडलंय, मागच्या पायाची टाच जमिनीला टेकवू का?

दगडफोड्या
नको, बोटांवर चालतो. घराजवळ कोंबडी असेल तर चिखलातून चालताना बघा, पाऊल उचलताना बोटं मिटतात.