प्रति: खिडकीतली उदास बाई
या चर्चेत वर कुणीतरी म्हटलंय की बाईवरची प्रायोगिक शॉर्टफिल्म म्हणजे खिडकी, उदास चेहरा आन् मागं बासरी. हसलो राव! आमच्या कोल्हापुरात रंकाळ्यावर असलंच शूटिंग बघतोय कायम, बाई पाण्याकडं बघतेय, कॅमेरा तिच्या पाठीकडं, झालं एकटेपण.

पण दोष या फिल्मप्रकाराचा नाही ओ. माया डेरेन या अमेरिकन दिग्दर्शिकेनं १९४३ ला नवऱ्याबरोबर घरातच 'मेशेस ऑफ द आफ्टरनून' ही जेमतेम १४ मिनिटांची फिल्म केली, स्वतःच काम केलं, एक किल्ली, एक सुरी, जिना, आन् एकाच टेबलाभोवती तीच बाई तीनदा, संवाद एकबी नाही. बाई कशी दिसते ते राहूदे, तिला घर कसं दिसतं ते कळतं, म्हणून अंगावर येते. बेल्जियन दिग्दर्शिका शांताल आकरमान तर १९६८ ला, १८ वर्षांची असताना, तिच्या 'सोत मा विल' या शॉर्टफिल्ममध्ये स्वयंपाकघरात स्वतःला कोंडून गुणगुणत जो धिंगाणा घालते... शेवट सांगत नाही, बघाच.

मी पण आईच्या भाकरी थापणाऱ्या हातांवर मोबाईल लावून बघितला, चेहरा नाहीच, नुसता थपथप आवाज. चौथ्या भाकरीला आई म्हणाली, "बास की आता, पीठ लागतंय त्याला."