मदत हवी आहे: आखाजी घरी, पण दमछाक नको

जळगावची_सून: आखाजी, म्हणजे आपली खानदेशची अक्षय्य तृतीया, तोंडावर आलीय आणि डोकं चालेना. नणंदा येणार. सासूबाईंचे गुडघे दुखतात, म्हणून मांडे, म्हणजे खापरावरच्या पुरणपोळ्या, मी करायचे असं सगळ्यांनी परस्पर ठरवून टाकलंय. मला यंदा त्यांच्यात बसून गप्पा मारायच्या आहेत. सुटसुटीत काहीतरी सांगा, लवकर.

तापीकाठ: माणसं किती? फ्लॅट की खालचं घर? पितरांची घागर तुमच्याकडे भरतात की गावी?

नाना_एरंडोल: सुटसुटीत आखाजी हा काय प्रकार? आमची आई एकटी खापरावर ढीगभर मांडे काढायची, वर सांजोऱ्या.

पारोळ्याची_लेक: नाना, यंदा तुम्ही काढा, फोटो टाका.
ताई, सरळ वरणबट्टी करा. गहू जाडसर दळून आणायचा, त्यात थोडा मका, ओवा, तेलाचं मोहन. आदल्या रात्री गोळे उकडून ठेवा, पूर्ण गार झाल्यावरच फोडी करा. गरम कापले की भुगा होतो. सकाळी नुसतं तळायचं. सोबत वांग्याची घोटलेली भाजी.

तापीकाठ: आखाजीला बट्टी? मग पितरांच्या नावाने विस्तवावर आगारी कशाची टाकणार?

पारोळ्याची_लेक: आगारीपुरतं पुरण करा, बाकीच्यांना बट्टी. पितरांची तक्रार अजून आलेली नाही.

खवय्या_पुणे: मस्त भरीत पार्टी ठेवा की! बामणोदची वांगी आणा.

केळीवाला_सावदा: भो, भरिताची वांगी थंडीची. वैशाखाच्या उन्हात काड्यांच्या जाळापुढे तुम्ही येऊन उभे राहा.

थंडगार: कूलरच्या जाळ्या आधी बदलून घ्या. वाळा मिळाला तर उत्तमच.

जळगावची_सून: कूलरचं कोण विचारतंय? एकोणीस जण आहोत, त्यात सात पोरं. दुसरा मजला, चूल नाही. घागर आमच्याकडेच. आणि मोठ्या नणंदेला मांडेच लागतात.

तापीकाठ: चूल नाही हे आधी सांगायचं ना! मग मांडे घरी करायचा हट्टच सोडा. ऑर्डरीवर करून देणाऱ्या बायका असतात, पण आखाजीला त्यांना मान वर करायला फुरसत नसते. आजच सांगून या. घरी आणले की कापडात गुंडाळून ठेवा, उघडे राहिले की कडक होतात. तुम्हाला उरलं काय? आमरस, रशी म्हणजे झणझणीत आमटी, भजी. कुरडया आधीच्या असतीलच.

पारोळ्याची_लेक: आणि रस पुरुषांकडून काढून घ्या! जेवल्यावर पत्तेच कुटणार आहेत. आंबे पिळल्याशिवाय डाव मांडू द्यायचा नाही.

नाना_एरंडोल: पत्ते म्हणजे आखाजीची शान. आमच्याकडे त्याच दिवशी सालदाराचं, म्हणजे वर्षाच्या बोलीवर ठेवलेल्या शेतगड्याचं, नवं साल ठरायचं, तो हिशोब झाला की डाव...

केळीवाला_सावदा: नाना, वेगळा धागा काढा.
ताई, घागरीवर ठेवायला डांगर (खरबूज) आदल्या दिवशीच आणा. त्या सकाळी बाजारात भाव ऐकवत नाही.

जळगावची_सून: मांडे सांगून आले, बाई हो म्हणाली. बट्टी रात्रीच्या जेवणाला ठेवते. आता धाकटी नणंद फोनवर विचारतेय, आखाजीचा झोका कुठे बांधलाय? हॉलमध्ये पंख्याचा हुक आहे. चालेल?

तापीकाठ: अजिबात नको! पंख्याचा हुक माणसाच्या वजनासाठी नसतो. खाली कडुलिंबाचं झाड आहे का?

जळगावची_सून: आहे, पण सोसायटीचं.

पारोळ्याची_लेक: मग सोसायटीतल्या बायकांनाही बोलवा, कोण अडवतंय बघू.

थंडगार: मांडे कितीला पडले? मलाही आठ हवेत.